चौदा नंबरचे अकरा आटे

१

सोमवारी सकाळी नळाला आलेलं पाणी टेकडीवरच्या बारा बिल्डिंगांनी नेहमीसारखं भरलं, आणि मंगळवारपर्यंत तिथली साठ-पासष्ट माणसं आजारी पडली. बाकीची सलाइन लावून घरी परतली. सात नंबर बिल्डिंगमधल्या गोदाबाई परतल्या नाहीत. त्यांचं वय ब्याऐंशी होतं, त्यामुळे काही लोक म्हणाले, वयच झालं होतं. त्यांचा मुलगा आनंद तसं म्हणाला नाही.

शनिवारी सकाळी उल्का साठे यांनी माधवराव खांबेट्यांना फोन केला. धायरीच्या पुढे टेकडीला लागून एकवीस बिल्डिंगा होत्या आणि त्यांचा स्वतःचा पाणी संघ होता. उल्काताई संघाच्या सचिव. माधवराव संघाचे जुने इंजिनिअर, निवृत्त होऊन पाच वर्षं झालेले.

"रिपोर्ट तयार आहे," उल्काताई म्हणाल्या. "कॉम्प्युटरने माणूस शोधून दिलाय. चार वाजता पोलिसांत द्यायचा आहे. लाइन माहीत असलेल्या एकाची सही हवी. आपण यावं, वाचावं, सही करावी. चहा मिळेल."

माधवराव लगेच निघाले. त्यांच्या पत्नीला, भाग्यश्रीबाईंना, जाऊन नऊ महिने झाले होते. शनिवार घरात काढायचा म्हणजे फार मोठा वाटे.

पंपहाउसच्या लोखंडी फाटकाला आतून कुलूप होतं. बाहेर टेकडीवरची तीस-चाळीस माणसं उभी होती. कुणी ओरडत नव्हतं. फाटकाला अगदी टेकून आनंद उभा होता. वॉचमनने एक माणूस आत जाईल एवढंच फाटक उघडलं आणि पुन्हा कुलूप घातलं.

आत बाकावर उत्तरेश्वर बसला होता. हा संघाचा व्हॉल्व्हमन, अठरा वर्षं नोकरीत. त्याची व्हॉल्व्हची चावी आणि फोन दोन्ही काढून घेतले होते.

"याला आत का ठेवलंय?" माधवरावांनी विचारलं.

"बाहेर सोडला तर घरी पोचणार नाही, म्हणून," उल्काताई म्हणाल्या. "आणि आत असला की पळणार नाही, म्हणूनही."

रिपोर्ट तीन पानांचा होता. शेवटच्या पानावर लिहिलं होतं: सोमवारी सकाळी सहा वाजून दहा मिनिटं ते सहा वाजून पन्नास मिनिटं या वेळात व्हॉल्व्ह क्रमांक नऊ आणि चौदा बंद होते. ते बंद करण्याचं काम आणि चावी उत्तरेश्वर यांच्याकडे आहे. दुसरी शक्यता उरत नाही.

माधवरावांनी पेन काढलं. उत्तरेश्वर बाकावरून उठला.

"सही करा साहेब," तो म्हणाला. "पर एक सांगा. त्या येळंला मी या बाकावर होतो. मग त्या मशीनला मी तिकडं दिसलो कसा?"

२

माधवरावांनी पेन परत खिशात ठेवलं.

"हा रिपोर्ट ज्याने केला त्या मुलाला बोलवा," ते म्हणाले.

केयूर आत आला. तिशीच्या आतला, दाढी वाढलेली, तीन-चार दिवस झोप नसलेला. तो एका छोट्या सल्लागार कंपनीतला इंजिनिअर होता. संघाच्या सगळ्या पाइपांचं मॉडेल तो कॉम्प्युटरवर तयार करत होता.

"सर, हे आपलं नेटवर्क," त्याने लॅपटॉप फिरवला.

नकाशा साधा होता. टाकीतून एक मोठी लाइन निघायची आणि पंपहाउसच्या मागे तिला दोन फाटे फुटायचे. एक फाटा टेकडीवर, त्यावर नऊ नंबर व्हॉल्व्ह. दुसरा खाली नऊ बिल्डिंगांना, त्यावर चौदा नंबर.

"वर सात नंबर बिल्डिंगजवळ ड्रेनेजची लाइन लीक आहे, ते खोदल्यावर सापडलं," केयूर म्हणाला. "ती पाण्याच्या पाइपला चिकटून जाते. पाइपमध्ये प्रेशर असेल तोपर्यंत घाण आत येत नाही. रोज पाणी बंद करतात तेव्हा नळ मिटलेले असतात, पाइप भरलेला राहतो. पण नळ चालू असताना प्रेशर गेलं की पाइप बाहेरचं ओढून घेतो. मग प्रेशर परत आलं की तेच लोकांच्या नळाला."

हे माधवरावांना नवीन नव्हतं. "प्रेशर गेलं कशावरून?"

"वर प्रेशर नोंदवणारा लॉगर बसवलाय. हे बघा ना." पडद्यावर ठिपक्यांची एक रेघ होती. सहाला ठिपका वर. सव्वासहाला खाली. साडेसहाला तळाशी. पावणेसातलाही तळाशी. सातला परत वर. "बेसिकली, मॉडेलमध्ये मी नऊ आणि चौदा बंद केले, आणि ग्राफ जुळला."

"सोमवारी तू इथे होतास?"

"नाही सर. साडेनऊला आलो. वाकडेवाडीहून यायला तेवढं लागतंच."

"टाकीवरच्या मीटरने काय दाखवलं?"

"तो दिवाळीपासून बंद आहे," उल्काताई म्हणाल्या. "दुरुस्तीचा ठराव झालाय. ठराव चालू आहे."

"एकच विचारतो," माधवराव केयूरला म्हणाले. "या माणसाने हे का केलं असेल?"

"ते मॉडेल सांगत नाही, सर."

"मग मला त्यालाच विचारायला हवं."

उल्काताईंनी घड्याळाकडे पाहिलं. "सव्वाअकरा झालेत. चारला मी फाटक उघडणार. त्याआधी पोलिसांची गाडी आत यायला हवी. तुमची सही असो वा नसो."

३

दोन्ही व्हॉल्व्ह कुंपणाच्या आतच, पंपहाउसच्या मागे होते. तीन दिवस लाइन धुवायचं काम चाललं होतं, म्हणून एरवी फक्त सकाळी येणारं पाणी आता दिवसभर सोडलेलं होतं. चौदा नंबरच्या पुढे एका कॉकला जाड पाइप लावून पाणी गटारात काढून दिलं होतं.

माधवरावांनी उत्तरेश्वरला त्याची चावी दिली. छातीएवढी उंच, वर आडवा दांडा असलेली लोखंडी चावी. ती हातात आल्यावर तो जरा सरळ उभा राहिला.

"सोमवारचं सांग. पहिल्यापासून."

"साडेपाचला आलो. टाकी बगितली. नऊ नंबर पुरा खोलला. मग चौदा अकरा आटे."

"अकराच का?"

"चौदाचे एकंदर बावीस आटे हायत. खालच्या लोकांला पुरा खोलला, तर सगळं पाणी उताराला पळतं. वर चढत न्हाई. म्हणून निम्मा. अकरा खुला, अकरा बंद. अठरा वर्सं तेच करतोय."

"करून दाखव."

उत्तरेश्वरने लोखंडी झाकण सरकवलं, चावी खाली बसवली आणि दांडा डावीकडे दोन आटे फिरवला. गटारात पडणारी धार बारीक झाली. त्याने दोन आटे परत घेतले. धार पूर्वीसारखी झाली.

"मग पुढे?"

उत्तरेश्वर चावीचा दांडा पुसत राहिला.

"अरे, बोल. बाहेर उभे आहेत ते तुझ्या बोलण्याची वाट बघत नाहीयेत."

"डोळा लागला साहेब. पोरीला दोन दिस ताप व्हता, जागरण झालं. सहाच्या आत बाकावर पडलो, ते साडेसातला उठलो. ह्ये मी कुणाला बोललो न्हाई. ड्युटीवर झोपलो म्हणलं असतं तर नोकरी गेली असती."

"आता न बोलून काय राहणार आहे?"

"तेच की."

"उठल्यावर व्हॉल्व्ह कसे होते?"

"नऊला बंद करायला चावी लावली. पुरा खुला. चौदाला मोजत बंद केलं. अकराव्या आट्याला अडला. जसा सोडला तसाच हाय म्हणलं, मग मला तरी काय कळनार?"

म्हणजे झोपलेल्या माणसाच्या मागे कुणी व्हॉल्व्हला हात लावला असेलच, तर तो जसा होता तसा, आटा न आटा मोजून परत ठेवला होता. आणि कुणी लावला नसेल, तर उत्तरेश्वर खोटं बोलत होता.

"दुसरी चावी कुठे असते?"

"हापिसात दाराच्या मागं. कुनीबी न्यावी." त्याने आवाज खाली आणला. "आन तिसरी खालच्या दिग्विजयसायबांकडं. पर माझं नाव सांगू नका."

४

दिग्विजय खालच्या नऊ बिल्डिंगांचा अध्यक्ष. त्याला फोन केला तर तो आपल्या बिल्डिंगांच्या वॉचमनला, जयसिंगला, घेऊनच आला. फाटकातून आत येताना गर्दीतून कुणीतरी त्याला काही बोललं. तो हसला नाही.

"चावी आहे माझ्याकडे," तो स्वतःच म्हणाला. "वेल्डरकडून करून घेतली. गेल्या उन्हाळ्यात आम्हाला आठ-आठ दिवस थेंब नाही. संघाला पत्रं लिहिली. ताईंनी उत्तर दिलं. सुंदर अक्षरात."

"टाइप केलं होतं," उल्काताई म्हणाल्या.

"तेच ते. तेव्हा एकदा फिरवली. खोटं कशाला बोलू? सोमवारी मी कात्रजला होतो, साडूच्या मुलाच्या बारशाला. रविवारी रात्री गेलो, सोमवारी दुपारी आलो. तीस माणसं सांगतील."

"सोमवारी तुमच्याकडे पाणी आलंच नाही, असं रिपोर्ट म्हणतो. चाळीस मिनिटं चौदा नंबर बंद होता."

दिग्विजयने जयसिंगकडे पाहिलं. दोघांच्याही चेहऱ्यावर एकच भाव होता.

"कोण म्हणतं? अहो साहेब, त्या दिवशी पाणी असं आलं, असं आलं, की 'ब' बिल्डिंगची वरची टाकी वाहून जिन्यातून पाणी खाली. जयसिंग, सांग."

"हो साहेब," जयसिंग म्हणाला. "सव्वासहाच्या आसपास. मी झाडत होतो तर जिन्यातनं लोंढाच. सातच्या आत आपोआप कमी झालं. मला वाटलं, वरच्यांचं आम्हाला दिलं."

बोलून झाल्यावर त्याला आपण काय बोललो ते कळलं.

उल्काताई सावकाश म्हणाल्या, "म्हणजे चौदा बंद नव्हता. उलट कुणीतरी पूर्ण उघडला होता. आणि चावी तुमच्याकडे होती, दिग्विजयराव."

"मी कात्रजला होतो."

"चावी कात्रजला नव्हती ना?"

दिग्विजयचा चेहरा उतरला. खिडकीतून फाटक दिसत होतं. बाहेर गर्दी आता दुप्पट झाली होती.

"थांबा," माधवराव म्हणाले. "यांच्यातल्या कुणी पाणी चोरलं असतं, तर चाळीस मिनिटांनी परत का दिलं असतं? आणि तेही बरोबर अकराव्या आट्यावर? चोरून व्हॉल्व्ह उघडणारा आटे मोजत बसत नाही. तो उघडतो आणि पळतो. मोजून परत ठेवणारा माणूस वेगळा."

"मग उत्तरेश्वरच," उल्काताई म्हणाल्या. "मोजणारा तोच."

दोन वाजले होते.

५

ते कागदपत्रांच्या खोलीत जाऊन बसले. रिपोर्ट पुन्हा वाचला. मग लॉगरचे ठिपके पाहिले. मग पुन्हा रिपोर्ट. चौथ्यांदा वाचताना त्यांनी केयूरला हाक मारली.

"तुझा लॉगर किती वेळाने आकडा टिपतो?"

"पंधरा मिनिटांनी, सर. बॅटरी टिकावी म्हणून."

"मग सहा-दहा आणि सहा-पन्नास कुठून आले? लॉगरला सहा, सव्वासहा, साडेसहा एवढंच माहीत आहे."

"इंटरपोलेट केलं, सर. अंदाजे."

"अंदाजे. बरं. आता त्या मॉडेलमध्ये चौदा उघड. नऊ बंदच राहू दे. ग्राफ दाखव."

केयूरने बोट ठेवलं, पण दाबलं नाही.

"दाब ना."

ग्राफ आला. तीच रेघ. एक ठिपकासुद्धा हलला नाही.

"साहजिक आहे," माधवराव म्हणाले. "नऊ बंद केला की टेकडी तुटलीच. मग चौदा बंद असो, उघडा असो, वर फरक पडत नाही. ग्राफ जुळवायला तुला चौदाची गरजच नव्हती. तरी तू लिहिलंस, चौदा बंद. कॉम्प्युटरने तुला ते सांगितलं नाही. कुणी सांगितलं?"

केयूर लॅपटॉप उचलून बाहेर निघून गेला.

माधवरावांना हे कळलं होतं की चौदा बंद असल्याची या मुलाची खात्री आहे. खोटं रचणाऱ्याने सोपं खोटं रचलं असतं, नुसता नऊ लिहिला असता. आणि खाली तर टाक्या वाहत होत्या. चौदा बंद नव्हता. मग एखाद्याला इतकी खात्री कशी असेल, आणि ती इतकी चुकीची कशी असेल?

त्यांना उत्तरेश्वरचे हात आठवले. दांडा डावीकडे गेला आणि धार बारीक झाली.

जगातला कुठलाही साधा व्हॉल्व्ह उजवीकडे फिरवला की बंद होतो. चौदा नंबर डावीकडे बंद होतो.

ते उठले आणि कपाटातून जुना नकाशा काढला. केयूरने मॉडेल त्याच नकाशावरून केलं होतं. उलट्या व्हॉल्व्हशेजारी तसं लिहायची पद्धत असते. चौदा नंबरशेजारी काही लिहिलेलं नव्हतं. माधवरावांनी खाली तारीख पाहिली, मग सही पाहिली.

सही त्यांची स्वतःची होती.

६

दहा वर्षांपूर्वी चौदा नंबर फुटला होता. बाजारात तातडीने मिळाला तो उलट्या आट्यांचा. माधवरावांनीच तो बसवून घेतला, उत्तरेश्वरला समोर उभं करून शिकवलं आणि नकाशावर नोंद नंतर करू म्हणाले. अठरा वर्षांतली शेवटची दहा वर्षं उत्तरेश्वर डावीकडे बंद करत होता. त्याच्या हाताला ते इतकं सवयीचं होतं की त्यात सांगण्यासारखं काही आहे, हे त्याच्या मनात आलं नव्हतं. माधवरावांच्या तर लक्षातूनच गेलं होतं.

हा नकाशा परत कपाटात ठेवला, तर कुणाला काही कळणार नव्हतं. खाली एक सही करायची, की ते घरी जायला मोकळे.

साडेतीन वाजता त्यांनी सगळ्यांना मागच्या बाजूला बोलावलं. उत्तरेश्वर आला, उल्काताई आल्या. केयूर सगळ्यांत शेवटी आला.

"ही चावी घे," माधवराव त्याला म्हणाले. "चौदा आत्ता अकरा आटे उघडा आहे. तो बंद करून दाखव."

केयूरने दांडा धरला. चावी खाचेत बसवताना तो अडखळला नाही, ते उल्काताईंनीही पाहिलं. त्याने उजवीकडे फिरवायला सुरुवात केली. ओठ हलत होते. अकराव्या आट्याला दांडा अडला.

"बंद," तो म्हणाला.

"मागे बघ."

कॉकच्या पाइपातून पाणी उसळत होतं. पाइप गटारातून बाहेर येऊन सापासारखा फिरत होता. उत्तरेश्वरने धावत जाऊन त्यावर पाय दिला.

केयूर बघत राहिला. मग त्याने चावीकडे पाहिलं. मग परत पाण्याकडे.

"निम्मा उघडा होता," माधवराव म्हणाले. "इकडे अकरा, तिकडे अकरा. पूर्ण बंद झाला तरी अकराव्याला अडतो, पूर्ण उघडला तरी अकराव्याला अडतो. दुसऱ्या कुठल्याही ठिकाणी असता, तर आटे चुकले असते आणि तुला कळलं असतं."

"टेस्ट करायची होती," केयूर म्हणाला. "चौदा बंद केला की वर प्रेशर किती वाढतं, ते बघायचं होतं. मॉडेल जुळतच नव्हतं सर, आणि मंगळवारी प्रेझेंटेशन होतं. मॅडमकडे परमिशन मागितली होती."

"मी नाही म्हटलं होतं," उल्काताई म्हणाल्या. "रात्री करा म्हटलं होतं."

"रात्री लाइनला पाणी सोडलेलंच नसतं, मॅडम. कसं करणार? म्हटलं, चाळीस मिनिटं. हे झोपलेले होते. दारामागची चावी घेतली. घड्याळ लावून बंद केला, मोजून परत उघडला. नंतर लॉगर बघितला, तर वर प्रेशर वाढायच्या ऐवजी गेलेलं. मी शंभर वेळा रन केलं. चौदा बंद असताना वरचं प्रेशर जायला एकच कारण निघत होतं. नऊ कुणीतरी बंद केला असणार." त्याने उत्तरेश्वरकडे पाहिलं. "मला खरंच वाटलं की तुम्ही केलात. चौदाचं मी तुमच्यावर ढकललं, ते खोटं होतं. पण नऊचं मला खरं वाटत होतं. तुमच्यामुळे ती बाई गेली असं मला वाटत होतं."

"आनि मला इचारलं असतं तर?" उत्तरेश्वर म्हणाला. "एवढं सादं. कुठल्या अंगाला फिरवायचा, म्हणून?"

केयूर खाली बसला, ओल्या मातीतच. लॅपटॉप त्याच्या पिशवीत होता. माधवरावांनी तो काढून त्याच्या मांडीवर ठेवला.

"नऊ उघडा ठेव. चौदा पूर्ण उघड. सहा-दहा ते सहा-पन्नास."

केयूरने केलं. रेघ सव्वासहाला खाली गेली, साडेसहाला तळाशी, सातला वर आली. लॉगरच्या ठिपक्यांवर ती बरोबर बसली. या वेळी नऊ बंद न करताच मॉडेल जुळलं होतं. त्याने लॅपटॉप मिटला आणि चेहरा झाकून घेतला.

उल्काताईंनी रिपोर्टचं शेवटचं पान फाडलं. माधवरावांनी नवं पान उभ्याउभ्याच लिहिलं आणि त्यांच्याकडे दिलं. त्यांनी वाचलं.

"केयूरचं नाव समजलं," त्या म्हणाल्या. "हे दुसरं कशाला? नकाशा दहा वर्षं कुणी उघडला नव्हता, खांबेटेसाहेब. कुणी विचारणारही नाही."

"म्हणूनच लिहिलं."

उल्काताईंनी ते पान रिपोर्टला जोडलं.

केयूरला पोलिसांची गाडी येईपर्यंत आतल्या खोलीत बसवलं. चार वाजता फाटक उघडलं. गर्दी आत सरकली आणि उत्तरेश्वरला पाहून थांबली. माधवराव पुढे झाले. त्यांना भाषण करता येत नव्हतं. पानावर होतं तेवढं त्यांनी वाचलं. उत्तरेश्वरने काही केलेलं नाही. व्हॉल्व्ह कुणी, का, कसा फिरवला. तो उलटा होता हे नकाशावर लिहायचं काम कुणाचं होतं, आणि ते झालं नाही. ते नाव वाचताना ते थांबले नाहीत.

"खांबेटे म्हणजे तुम्हीच?" आनंदने विचारलं.

"मीच."

"मग का नाही लिहिलंत? एक ओळ तर होती."

"राहून गेलं," माधवराव म्हणाले.

त्या आठवड्यात भाग्यश्रीबाईंचं पहिलं ऑपरेशन होतं. नकाशावरची सही त्यांनी दवाखान्याच्या बाकावर बसून केली होती, न बघता. ते त्यांनी सांगितलं नाही. आनंदची आई गेली होती. त्याच्यापुढे आपली बायको कारण म्हणून उभी करायची, हे त्यांना जमणारं नव्हतं.

आनंद उत्तरेश्वरकडे वळून म्हणाला, "तू जा घरी." आणि स्वतः बाजूला झाला. मागची माणसंही सरकली. एका माणसाला जाण्यापुरती वाट झाली आणि उत्तरेश्वर मान खाली घालून तिच्यातून निघून गेला.

वाट पुन्हा मिटली. माधवराव आतच उभे राहिले. अजून बऱ्याच जणांना त्यांना विचारायचं होतं.